तुऱ्याचा कौल

रिसालीतल्या त्या गल्लीत एवढी गर्दी यापूर्वी फक्त पाण्याचा टँकर आला की व्हायची. पण टँकरपुढे लोक बादल्या आपटत भांडायचे. आज सगळे चपला काढून, हात जोडून, एकामागे एक मुकाट उभे होते. रीनाला भांडणारी गर्दी पुष्कळ बरी वाटली असती.

ती नुकतीच शाळेतून परतली होती. सातवीला विज्ञान शिकवून घसा बसलेला, डोकं दुखतंय, आणि स्वतःच्याच फाटकातून आत शिरायला तिला वाट मिळेना. पहिल्या पाळीतून सुटलेले पोलादाच्या प्लांटवाले हेल्मेट काखेत मारून थेट इथेच आले होते. कोहक्याच्या बाया आल्या होत्या, अहिवाऱ्याहून एक अख्खं कुटुंब ऑटो करून आलं होतं. एका अनोळखी बाईने रीनाच्या हातात नारळ कोंबला, "धर वं पोरी, मी आत्ता येते," म्हणाली आणि गेली ती गेलीच. आता हातात नारळ असल्यामुळे लोक रीनालाही भाविक समजून पुढे ढकलू लागले.

गर्दी होती तिच्या शेजारच्या घरी, शालिकरामकाकांच्या अंगणात. मांडव घातलेला, सतरंजी अंथरलेली. भिंतीला टेकून एक आसन आणि आसनाच्या उजव्या हाताला स्टुलावर पिंजरा. पिंजऱ्यात बिट्टू.

बिट्टू म्हणजे कॉकाटील जातीचा विदेशी पोपट. राखाडी अंग, पिवळं डोकं, गालावर नारिंगी ठिपका आणि डोक्यावर पिसांचा तुरा, जो कधी ताठ उभा राहतो तर कधी मागे चपटा पडतो. काकांच्या मुलाने, पीयूषने, तो दोन वर्षांपूर्वी दुर्गच्या बाजारातून हौसेने आणला होता. गल्लीने जन्मभर हिरवे मिठ्ठूच पाहिलेले, त्यामुळे बरेच दिवस लोक त्याला 'आजारी मिठ्ठू' म्हणत. आता त्याच पिंजऱ्याला झेंडूची माळ होती आणि लोक त्याला 'माता' म्हणत होते.

आसनावर बसले होते श्री श्री तुरेश्वर महाराज. अंगावर भगवी शाल, डाव्या हातात रुद्राक्षाची मोठी माळ. हेच गृहस्थ गेल्या वर्षी दुसऱ्या वस्तीत कलशेश्वर महाराज होते आणि तेव्हा त्यांच्यापुढचा कलश आपोआप डुलायचा.

"भक्तहो!" महाराज गरजले. "तुम्ही प्लांटची माणसं. तुम्हाला सिग्नल समजतो. हा पक्षी म्हणजे भगवतीची कंट्रोल रूम आहे, कंट्रोल रूम! तुरा उभा राहिला, म्हणजे हो. तुरा आडवा पडला आणि मुखातून फुत्कार निघाला, म्हणजे नाही. मध्ये बोलणारा मी कोण? मी तर निव्वळ वायरमन!"

"पण महाराज," मागून एकाने धीर करून विचारलं, "हा पक्षी तर ऑस्ट्रेलियाचा आहे म्हणतात. त्याच्यात आपली देवी कशी आली?"

"देवीला व्हिसा लागतो का रे?"

लोक खूश होऊन हसले. विचारणारा पार विरघळला.

कोपऱ्यावरच्या बेबीताई पुढच्या रांगेत बसून येणाऱ्या-जाणाऱ्याला साक्ष देत होत्या. "मागच्या वेळेस हो म्हटलं मातेनं आणि पोट्ट्याले नोकरी लागली न! हे पाहा, प्रसाद." त्यांनी पर्समधून कागदाची पुडी काढली. पुडीत बिट्टूचं एक राखाडी पीस होतं. बिट्टूची छाती पार उघडी पडली होती, लालसर कातडी दिसत होती, मध्येच एक सुकलेला ओरखडा. त्याचाही अर्थ महाराजांनी लावून ठेवला होता: भगवतीने भक्तांसाठी अंगावरचं वस्त्र उतरवून दिलं.

एका तरुणाने विचारलं, त्याची बदली खाणीवर होईल का. महाराजांनी डोळे मिटले, माळ एकदम खुळखुळली, बिट्टूचा तुरा ताड्कन उभा राहिला. "हो!" तरुणाचा चेहरा पडला, पण लोकांनी टाळ्या वाजवल्या.

मग पुढे आली सिंधुकाकू. शालिकरामकाकांची बायको, त्या घराची मालकीण, आणि स्वतःच्या अंगणात परक्यासारखी चाचपडत चालत होती. रीना हातातला नारळ घट्ट धरून उभी राहिली.

काकूचा डावा डोळा कधीच गेला होता. मोतीबिंदू पिकू दिला, कोणी सांगितलेला पाल्याचा रस घालत बसली आणि दवाखाना गाठेपर्यंत उशीर झाला. आता उजव्या डोळ्यातही तेच. डॉक्टरांनी बजावून सांगितलं होतं की आणखी थांबलात तर हाही डोळा हातचा जाईल. सोमवारी ऑपरेशन ठरलं होतं. रीना स्वतः तिच्यासोबत जाऊन तारीख घेऊन आली होती.

"माय," काकूने पिंजऱ्यापुढे हात जोडले, "उजव्या डोळ्याचं ऑपरेशन करू का?"

महाराजांचा उजवा हात शालीत गेला. बिट्टूने तिकडे एक नजर टाकली, तुरा डोक्याला चिकटला, अंग बारीक आणि लांब झालं, आणि पिंजऱ्याच्या पार दुसऱ्या टोकाला सरकून तो फिस्सकन फुत्कारला.

"नाही!" महाराज म्हणाले. "आणि साधं नाही नव्हे. कडक नाही! शटडाउन!" त्यांनी झोळीतून एक काळी बाटली काढली. "हे सिद्ध अंजन. सोमवारी सूर्योदयाला पहिला थेंब. दवाखान्याचं तोंड पाहायचं नाही."

"काकू!" रीना किंचाळलीच. "काय करून राहिली तू? एक डोळा असाच गेला न तुझा!"

सगळ्या माना तिच्याकडे वळल्या. महाराज गोड हसले. "या, मास्तरीणबाई. तुमच्या हातात तर नारळ आहे! तुम्हीही विचारा."

रागाच्या भरात माणूस शहाणपणा विसरतो, आणि रीनाला राग फार लवकर येतो. "विचारते न! पाणी शंभर डिग्रीला उकळतं का?"

शाल हलली. बिट्टू फुत्कारला.

"घ्या!" महाराजांनी हात पसरले. "भगवतीने यांचं विज्ञान नापास केलं!"

अख्खा मांडव हसला. सातवीची पोरंही पुढे होती, ती तर लोळायची बाकी राहिली. रीनाच्या कानाच्या पाळ्या तापल्या. नारळ पहिल्या दिसेल त्या माणसाच्या हातात देऊन ती घरात निघून गेली.

आता हे सगळं सुरू कसं झालं तेही ऐका, कारण त्यात चमत्कार नाही, प्लांटची पाळी आहे. शालिकरामकाका कोक ओव्हनला, म्हणजे कोळशाचा कोक करणाऱ्या भट्ट्यांवर. तिथली रात्रपाळी करून आलेला माणूस दिवसा झोपला की प्लांटवाल्याच्या घरात सगळे चवड्यांवर चालतात. कुकरची शिट्टी दाबतात, पाहुण्याला फाटकावरूनच परत पाठवतात. पाळीवाल्याची झोप म्हणजे घरातलं सोवळं. पण हे बिट्टूला कोण समजावणार? पीयूष होता तोवर तो दिवसभर त्याच्या खांद्यावर असायचा. पीयूष नोकरीला पुण्याला गेला आणि बिट्टू त्याला हाका मारू लागला. सकाळ नाही, दुपार नाही, नुसत्या हाका.

मग काका झोपले की पिंजऱ्यावर दिवसभर जाड गोधडी. रात्री काका कामावर गेले की काकूला एकटीला भीती वाटायची, म्हणून दिवे चालू, टीव्ही चालू, गोधडी काढलेली. पुढच्या आठवड्यात पाळी बदलली की उलटं. बिचाऱ्याला ना दिवस कळे ना रात्र. चिडून तो चावू लागला. चावतो म्हणून काका त्याला पकडताना प्लांटचे चामडी हातमोजे चढवत, तेच कोपरापर्यंतचे, भट्टीजवळ घालतात ते. काकांचा हात मायेचा होता, शपथेवर सांगावं इतका. पण पाखराला माया दिसत नव्हती, त्याला ते दोन काळे, कडक पंजे दिसत होते. शेवटी बिट्टूने स्वतःचीच पिसं उपटायला घेतली. काका म्हणाले, नजर लागली. आणि नजर काढायला म्हणून हे महाराज घरात आले. त्यांनी एका दिवसात पाहून घेतलं की या पाखरापासून कलशापेक्षा बरं काम निघेल.

संध्याकाळी दोन घरांमधल्या बुटक्या भिंतीपलीकडून काकूची हाक आली. "रीना, रागावली का वं?"

"नाही तर काय नाचू?"

"तुले कसं समजावून सांगू, पोरी." काकू भिंतीवर हात फिरवत राहिली. "एकच उरला आहे. तो मी कापाले देऊ? टेबलावरून उठीन आणि सगळा अंधार असन तर? मंग मी काय करू? तुया काकाले जेवाले कोण वाढन?"

"म्हणून तुले 'नाही'च ऐकायचं होतं."

काकूचा हात भिंतीवर थांबला. "हो," ती म्हणाली. "त्यानं नाही म्हटलं तवा कसं मोकळं वाटलं म्हणून सांगू. वाटलं, आता मले कोणी भित्री नाही म्हणणार. देवानंच नाही म्हटलं."

रीना भिंतीला टेकली. तिची आई दवाखान्यात असताना हीच बाई रोज सकाळी या भिंतीपलीकडून डबा द्यायची, तिच्या दोन वेण्या घालून शाळेत पाठवायची. रीनाचं गोंदियाकडून आलेलं बौद्ध घर आणि काकूचं भंडाऱ्याकडून आलेलं शेतकऱ्याचं घर. त्या भिंतीने दोन्ही घरांतलं जेवढं मीठ-साखर इकडून तिकडे जाताना पाहिलं तेवढं कोणी पाहिलं नसेल. या बाईचा शेवटचा डोळा त्या काळ्या बाटलीपायी जाणार, या विचाराने रीनाला रडूच आलं. मग डोळे पुसून तिने मोबाइल उचलला आणि मांडवात कोणीतरी काढलेला व्हिडिओ पीयूषला पाठवला.

त्याचा लगेच फोन आला. "दीदी, ये क्या हाल बना दिया बिट्टू का?"

"तुले काय दिसते, ते सांग. मले पाखरांचं काही समजत नाही."

"अरे, तुरा पाहा न त्याचा! पूरा चिपका हुआ है. अंग बारीक करून मागे सरकून राहिला, फिस्स करून राहिला. वो डर है दीदी, सिर्फ डर. खूश असला न, तर तुरा आधा उभा असतो, सैल. एका पायावर बसते, चोच घासते, करर करर, झोपाच्या आधी. और छाती के पंख? ते तर तो स्वतः उपटून राहिला. टेन्शन में करते हैं. आदमी नाखून चबाता है न, वैसे."

"आणि तुरा एकदम ताठ उभा राहिला तर?"

"चौंक गया. कुछ तो आवाज हुई होगी."

रीना ताठ झाली. "म्हणजे 'हो' म्हणजे दचकला. आणि 'नाही' म्हणजे घाबरला."

"कायचं हो-नाही?"

पीयूषला कोणी काहीच सांगितलं नव्हतं. रीनाने सगळं सांगितलं. ऑपरेशनचं ऐकल्यावर त्याचा आवाज बसला. "आईनं मले म्हटलं होतं का डोळा एकदम ठीक आहे."

"रडू नको. मले येवढं सांग, बिट्टू सगळ्यात जास्त कायले भेते?"

त्याला विचार करावा लागला नाही. "बाबा के ग्लव्ज को."

दुसऱ्या दिवशी रीना काकांकडे गेली. खिळ्यावर एकच हातमोजा लटकत होता. तिने तो उचलला मात्र, कोणी काही विचारलं नसताना बिट्टूने ठणठणीत 'नाही' सांगितलं. हातमोजा पाठीमागे लपवला, ती गप्प उभी राहिली, तेव्हा कुठे त्याचं अंग हळूहळू सैल पडलं.

"काका, दुसरा कुठे आहे?"

"महाराजांनी नेला. म्हणे लोखंडाच्या कारखान्यातलं चामडं आहे, सिद्ध करून देतो." काका जांभई देत म्हणाले. "कावून?"

"हा मी उद्यापुरता नेते."

"ने न. एका ग्लव्जचा मले काय उपयोग?"

तिने काकांना काही सांगितलं नाही. काका चांगला माणूस, पण पोटात गोष्ट ठेवण्यात कच्चा.

रविवारी मांडव अजूनच फुलला होता. रीना डोक्यावरून ओढणी घेऊन, खाली मान घालून पुढे आली. "महाराज, परवा माझं चुकलं. मले मातेची सेवा करायची आहे. तुमच्यासारखं वायरमन व्हायचं आहे."

विज्ञानाची बाई सगळ्यांसमोर शरण आली, याहून मोठी जाहिरात कोणती? महाराज खुलले. "ये बेटी. बस पिंजऱ्याजवळ. विचार, मनातलं विचार."

ती पिंजऱ्याच्या दुसऱ्या बाजूला, भिंतीकडे सरकून बसली. ओढणीआडून हातमोज्याचं एक बोट बाहेर आलं. 'एकदाच, बिट्टू, माफ कर,' ती मनात म्हणाली. मग मोठ्याने म्हणाली, "माते, हे महाराज खरे आहेत का?"

तुरा चपटा. फिस्स!

रीनाने बोट आत ओढून घेतलं, बिट्टूला श्वास घेऊ दिला, आणि खिशातल्या किल्ल्या हळूच खुळखुळवल्या. "मग लबाड आहेत का?"

तुरा ताठ.

"आजच्या आज रिसाली सोडून जावं का त्यांनी?"

पुन्हा तुरा ताठ. मागच्या पोरांमधून एक शिट्टी आली. बेबीताईंनी तोंडावर पदर घेतला, पण खांदे हलत होते.

महाराज ताडकन उठले. "विटाळ! विटाळ झाला! या मुलीची सावली पडली पिंजऱ्यावर. कोणाच्या घरची आहे ही, माहीत आहे ना तुम्हाला?"

हसू थांबलं. त्यांना काय म्हणायचं होतं ते प्रत्येकाला कळलं. काहींनी माना खाली घातल्या.

"माझ्या घरची आहे," सिंधुकाकू म्हणाली. ती भिंत धरून उभी राहिली होती. "लहानपणी माझ्या हातचं जेवली, आता मी तिच्या हातचं जेवते. सावलीची गोष्ट या अंगणात काढाची नाही, महाराज."

"बरोबर आहे," काका पुटपुटले, आणि मग जरा मोठ्याने म्हणाले, "एकदम बरोबर आहे."

रीना पिंजऱ्यापासून दोन हात मागे सरकली. "महाराज, माझ्या हाताने विटाळ झाला तर मी लांब बसते. तुमच्या पवित्र हातांनी विचारा. फक्त मातेची आरती करता करता विचारा. बेबीताई, ते मोठं ताट द्या न. दोन्ही हातांनी धरायचं हं महाराज, तुपाचे दिवे आहेत, सांडतील."

आता आरतीला नाही म्हणणारा महाराज कसा दिसेल? लोकांनी आधीच 'जय माता' सुरू केलं होतं. तुरेश्वरांनी माळ झोळीत टाकली, शाल सावरत ताट दोन्ही हातांनी धरलं. "माते," त्यांचा आवाज जरा चिरकला, "मी तुझा खरा सेवक आहे का?"

बिट्टूने मान खाजवली.

"माते! खरा सेवक आहे का?"

बिट्टूने शेपटी उचलली आणि खालच्या कागदावर बद्दकन शिटला.

"हे हो धराचं का नाही?" बेबीताईंनी मनापासून विचारलं, आणि मग मांडव जो फुटला तो आवरता आवरेना.

रीनाने ओढणीतून हातमोजा काढून उंच धरला. "याची जोडी कुठे आहे काका? सांगा न, कोणाले दिली होती ते."

काका हातमोज्याकडे पाहत राहिले, मग महाराजांच्या शालीकडे. महाराजांचे दोन्ही हात ताटात अडकलेले. काकांनी पुढे होऊन शालीचा उजवा पदर उलटला. आतून शिवलेल्या खिशात हातमोजा होता. प्लांटमध्ये हातमोजे अदलाबदल होतात म्हणून जो तो आपल्यावर रंगाने नाव टाकतो. यावरही पांढऱ्या रंगात होतं: शालिकराम, कोक ओव्हन.

"माझा ग्लव्ज!" काका ओरडले. जन्म भट्टीशेजारी काढलेला माणूस, पण असे लाल झालेले ते गल्लीने कधी पाहिले नव्हते. "माझ्याच ग्लव्जनं माझ्या बायकोचा डोळा घेऊन राहिला होता तू?"

महाराज 'देवी रुसली, देवी रुसली' करत ताट खाली ठेवून निघाले. घाईत चपला दुसऱ्याच कोणाच्या घालून गेले, आणि ज्याच्या गेल्या तो त्यांच्यामागे कोहक्याच्या रस्त्यापर्यंत धावला.

"ऐका जरा," रीना म्हणाली. या वेळी तिचा आवाज वर्गातला होता, पण रागाचा नव्हता. "माळ वाजली की हा दचकतो, तुरा उभा. हातमोजा दिसला की घाबरतो, तुरा आडवा. तुमच्या प्रश्नाशी त्याला काय करायचं आहे? त्याची भाषा आहे ती. तो आपलं सांगत होता आणि आपण आपलं ऐकत होतो."

"पण माझ्या पोट्ट्याची नोकरी तर लागली न!" बेबीताई सहजी सोडणाऱ्या नव्हत्या.

"लागली, कारण तो अभ्यास करून परीक्षेला बसला. बेबीताई, उत्तरं दोनच, हो नाहीतर नाही. डोळे मिटून बोललं तरी अर्धी खरी निघतात. ज्यांची खरी निघाली ते नारळ घेऊन परत आले. ज्यांची खोटी निघाली ते घरी बसले. इथे येऊन कोण सांगणार?"

बेबीताईंनी पर्समधली पुडी काढून पाहिली. "मंग हे पीस?"

"उपटलेलं आहे. भीतीनं आणि एकटेपणानं."

त्यांनी पुडी मिटली आणि कुठे ठेवावी ते न कळून हातातच धरून ठेवली.

लोक पांगले तरी सिंधुकाकू तिथेच बसून होती. काळी बाटली तिच्या ओटीत होती. "महाराज खोटा निघाला ते बरं झालं, पोरी. पण मंग मले आता कोण सांगन, ऑपरेशन करू का नको ते?"

"ज्या डॉक्टरबाईनं तुझा डोळा आतून पाहिला, ती सांगते. तिनं सांगितलं पण आहे."

"मले भेव वाटते वं."

"वाटू दे," रीना तिच्याजवळ खाली बसली. "मी कुठे म्हणते भिऊ नको? भेव घेऊनच जाऊ आपण. मी रजा टाकली आहे."

काकूने बाटली चाचपून काकांच्या हातात दिली. काकांनी ती मोरीत उपडी केली आणि वरून दोन बादल्या पाणी ओतलं.

सोमवारी ऑपरेशन झालं. काकू टेबलावर जाईपर्यंत रीनाचा हात सोडत नव्हती, आणि बाहेर काका कोणीही न विचारता प्रत्येकाला सांगत होते की काही नाही, साधंच ऑपरेशन आहे. दुसऱ्या दिवशी पट्टी निघाली. काकूने आधी डॉक्टरबाईकडे पाहिलं, मग काकांकडे, आणि "किती वाळले तुम्ही," म्हणून रडायला लागली. डॉक्टरबाई म्हणाल्या, रडू नका, डोळ्यात औषध आहे.

घरी तोवर पिंजरा मागच्या शांत खोलीत गेला होता. तिथे आता अंधार पडला की बिट्टूची रात्र होणार होती, काकांची पाळी कोणतीही असो. हातमोजे प्लांटच्या लॉकरमध्ये गेले होते. पीयूष फोनवर त्याच्याशी शिट्ट्या वाजवत बोलू लागला होता. जनावरांच्या डॉक्टरने सांगितलं होतं की पिसं येतील, पण घाई करू नका. काकू घरात आली ती थेट पिंजऱ्याकडे गेली, आणि जाळीपाशी उभी राहून पाहू लागली.

"अवं माय," ती म्हणाली. "हा तर पुरा उघडा पडला. इथं रक्त सुकलं आहे. मले तर हे दिसलंच नव्हतं."

काका पिंजऱ्याखालचा कागद सरळ करू लागले.

नेमका त्याच वेळी फाटकावर एक माणूस आला. अहिवाऱ्याहून, हातात नारळाची पिशवी. महाराजांचं काय झालं ते त्याच्यापर्यंत पोचलं नव्हतं. "बाई, मातेचं दर्शन होईन का? एक प्रश्न होता."

रीना पुढे होणार तोच काकू म्हणाली, "ये भाऊ, ये." तिने त्याला हाताला धरून पिंजऱ्यापुढे उभं केलं. "पाह्य. काय दिसून राहिलं तुले?"

माणूस गोंधळला. "पाखरू आहे. छाती सोललेली आहे त्याची. आजारी आहे काय?"

"मंग! पहिल्या नजरेत दिसलं न तुले? मी आंधळी होती, मी त्याले देव समजून विचारत बसली. पण त्या मांडवात शंभर माणसं होती, सगळ्यांचे डोळे धड होते. एकानंही नाही म्हटलं का पाखरू दुखावलेलं आहे." काकू काकांकडे पाहत होती, रीनाकडे पाहत होती, आणि दोघांनाही तिच्या त्या नव्या नजरेला नजर देववेना. "भाऊ, ज्याले उत्तर माहीत आहे त्याले विचारावं. ह्याले काय माहीत आहे? ह्याले येवढंच माहीत आहे का ह्याचं दुखून राहिलं. तुझा प्रश्न काय होता?"

त्या माणसाने नारळ पिशवीत खाली सरकवला. "बायकोचा ताप उतरून नाही राहिला, बाई," तो म्हणाला. "डॉक्टर कोण चांगला आहे इथं?"